बोट्रॉपचे मास्तर आणि आपला चित्रकलेचा तास

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

काही दिवसांपूर्वी आपल्या पत्रव्यवहाराच्या सदरात एका पालकांनी विचारले होते की, आठवी-नववीच्या मुलांना चित्रकलेचा तास हवाच कशाला. ज्याला चित्रकार व्हायचे असेल त्याने बाहेर क्लास लावावा आणि शाळेतला तो तास गणिताला द्यावा, असे त्यांचे म्हणणे होते. मी नाशिकमध्ये एकतीस वर्षे चित्रकला शिकवून निवृत्त झालो आहे, त्यामुळे पत्र वाचून आधी राग आला हे कबूल करतो. पण पालकांचा प्रश्न झटकून टाकावा असा नाही. नोकरीत असताना मुख्याध्यापकांनी हाच प्रश्न मला अनेकदा वेगळ्या शब्दांत विचारला होता, बहुधा सहामाही परीक्षेच्या आधी माझा तास दुसऱ्या विषयाच्या शिक्षकांना देताना. तेव्हा मला उत्तर देता आले नाही. ते मला पुढे एका जर्मन चित्रकार-शिक्षकाच्या चरित्रात सापडले, म्हणून हे पत्र थोडे लांबणार आहे. जागेअभावी काटछाट करावी लागली, तर माझ्याविषयीचा मजकूर कापावा, त्यांच्याविषयीचा ठेवावा.

योझेफ आल्बर्स यांचा जन्म १९ मार्च १८८८ रोजी जर्मनीतल्या रुर भागातील बोट्रॉप या कोळशाच्या खाणींच्या गावी झाला. कलेच्या पुस्तकांत त्यांची ओळख ‘चौकोनांची चित्रे काढणारे आल्बर्स’ एवढीच असते. ती खोटी नाही, पण त्यांच्या आयुष्याचा क्रम पाहिला तर ती फारच अपुरी वाटते. ते आधी प्राथमिक शिक्षक होते. अध्यापनाचे प्रशिक्षण घेऊन १९०८ पासून १९१३ पर्यंत ते आपल्या गावाकडच्या शाळांत लहान मुलांना सगळे विषय शिकवत होते. त्यानंतर त्यांनी बर्लिनच्या शाही कलाशाळेत जाऊन १९१५ मध्ये चित्रकला शिक्षकाची पात्रता मिळवली, म्हणजे आपल्याकडच्या भाषेत सांगायचे तर ए.टी.डी. (कलाशिक्षक पदविका) केले. पुढे एस्सेन आणि म्युनिक येथे शिक्षण झाले आणि १९२० मध्ये, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी, ते वायमार येथील बाउहाउस या कला व डिझाइनच्या नव्या शाळेत पुन्हा विद्यार्थी म्हणून दाखल झाले. आपल्याकडे बत्तिसाव्या वर्षी शिक्षक कायम झालेला असतो आणि घराचे हप्ते मोजत असतो.

वडील रंगारी होते आणि घरातली बाकीची कारागिरीही त्यांना येत असे. दरवाजा रंगवताना सुरुवात मधून करावी आणि कडेकडे जावे, म्हणजे ओघळ वेळीच पुसता येतात आणि बाह्या बरबटत नाहीत, हा वडिलांचा धडा आल्बर्स म्हातारपणीही सांगत. त्यांच्या प्रसिद्ध चौकोनांची चित्रे त्यांनी याच रीतीने, मधल्या चौकोनापासून बाहेर जात रंगवली. नाशकातल्या कुठल्याही जुन्या रंगाऱ्याला ही गोष्ट सांगा. त्याला आल्बर्स कोण हे ठाऊक नसले तरी तो मान डोलावेल.

वायमारमध्ये त्यांच्याकडे साहित्याला पैसे नव्हते. गावाच्या उकिरड्यावर हातोडी आणि पाठीवर पिशवी घेऊन जायचे, फुटक्या बाटल्यांची बुडे आणि रंगीत काचा गोळा करायच्या आणि त्या तारेने व जाळीने बांधून काचचित्रे करायची, असा त्यांचा उद्योग चाले. शाळेच्या मंडळींना खरे तर त्यांनी भित्तिचित्रांच्या कार्यशाळेत जावे असे वाटत होते, पण भंगारातून केलेले काम पाहिल्यावर काचेची कार्यशाळाच त्यांच्या हाती दिली गेली. १९२३ मध्ये शाळेचे संस्थापक वॉल्टर ग्रोपियस यांनी त्यांना नव्या विद्यार्थ्यांचा प्राथमिक अभ्यासक्रम शिकवायला सांगितले. आज आपल्याकडच्या कलामहाविद्यालयांत आणि डिझाइनच्या संस्थांत ‘फाउंडेशन’ म्हणून जे पहिले वर्ष असते, त्याची एक मुळी त्या वर्गात आहे, हे फार थोड्या विद्यार्थ्यांना सांगितले जाते.

तो वर्ग कसा चाले, याचे त्यांच्या एका विद्यार्थ्याने केलेले वर्णन प्रसिद्ध आहे. आल्बर्स वर्गात वर्तमानपत्रांचा गठ्ठा घेऊन आले, प्रत्येकाला एकेक वाटले आणि म्हणाले की यापासून काही तरी करा, पण कागदाचा मान राखा. कात्री आणि गोंद न वापरता जमले तर उत्तमच. आणि ते निघून गेले. काही तासांनी परत आले तेव्हा वर्गात किल्ले, जहाजे, विमाने, प्राणी असे बरेच काही तयार होते. आल्बर्सनी ते सगळे बाजूला सारले, कारण त्या वस्तू दुसऱ्या कशाच्याही करता आल्या असत्या आणि बऱ्याच चांगल्या झाल्या असत्या. मग त्यांनी एका विद्यार्थ्याचा कागद उचलला. त्याने फक्त कागदाला उभी घडी घालून तो टेबलावर उभा केला होता. आल्बर्सनी वर्गाला दाखवले की एरवी कागद आडवा लोळतो आणि त्याची कड दिसतही नाही. इथे तो आपल्या सर्वांत बारीक कडेवर उभा आहे, त्याच्या दोन्ही बाजू दिसतात आणि लवचीक वस्तू एका घडीने ताठ झाली आहे.

संपादक महोदय, हा प्रयोग मी आपल्याच वृत्तपत्राच्या रद्दीवर आठवीच्या वर्गात करून पाहिला आहे. वर्गात बासष्ट मुले होती आणि अर्ध्या पानाहून जास्त कागद कोणालाही दिला नव्हता. पहिल्या पंधरा मिनिटांत होड्या, टोप्या, पंखे आणि एक ‘रॉकेट’ झाले. रॉकेट माझ्या कानाजवळून गेले. मागच्या बाकावर एक मुलगा बसला होता, ज्याचे वडील गोदाघाटाकडे भेळेची गाडी लावत. त्याने सुरुवातीला सवयीने भेळेची पुडी केली, मग ती उलगडली, आणि कागदाला बोटभर रुंदीच्या घड्या एकदा पुढे एकदा मागे अशा घालत गेला. त्या घड्यांचा पट्टा त्याने दोन पुस्तकांच्या मध्ये पुलासारखा ठेवला आणि त्यावर अलगद आपली कंपासपेटी ठेवली. पेटी पडली नाही. मग शेजाऱ्याची ठेवली. तिसऱ्या पेटीला पूल खचला, पण तोपर्यंत सगळा वर्ग बाक सोडून त्याच्याभोवती उभा होता. विज्ञानाच्या पुस्तकात पन्हळी पत्र्याचे चित्र कदाचित त्याने पाहिले असेल, नसेलही. पत्र्याला पन्हळ का असते हे मात्र त्या दिवशी वर्गाला सांगावे लागले नाही. ज्या पालकांना हा तास गणिताला द्यायचा आहे त्यांनी हा तास कुठल्या विषयाचा होता ते ठरवावे.

पुढचा इतिहास थोडक्यात सांगतो. १९२५ मध्ये बाउहाउस देसाऊ येथे हलले. त्याच वर्षी आल्बर्स यांचे लग्न विणकाम विभागातल्या अ‍ॅनी फ्लाइशमान यांच्याशी झाले. या बाईंना खरे तर काचेच्या कार्यशाळेत जायचे होते, पण त्या काळच्या रिवाजाप्रमाणे मुलींची पाठवणी मागावर होई. नाइलाजाने मागावर बसलेल्या अ‍ॅनी १९४९ मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टमध्ये एकल प्रदर्शन झालेल्या पहिल्या वस्त्रकलाकार ठरल्या. बाउहाउस १९३२ मध्ये बर्लिनच्या एका बंद पडलेल्या टेलिफोन कारखान्यात गेले आणि १९३३ मध्ये नाझी राजवटीच्या दडपणाखाली कायमचे बंद झाले. अ‍ॅनी ज्यू घराण्यातल्या होत्या. त्या वर्षीच्या नोव्हेंबरात हे दांपत्य अमेरिकेत नॉर्थ कॅरोलायना राज्यातल्या ब्लॅक माउंटन कॉलेज या नुकत्याच निघालेल्या, शेतीही विद्यार्थ्यांनीच करायची अशा छोट्या संस्थेत पोहोचले. (याच वर्षी रुडॉल्फ फॉन लायडन हे जर्मन भूशास्त्रज्ञ भारतात आले आणि पुढे मुंबईच्या तरुण चित्रकारांचे समीक्षक व पाठीराखे झाले. जर्मनीने त्या काळात काय घालवले आणि ते कोणाकोणाला मिळाले, याचा हिशेब कोणी तरी मराठीत मांडायला हवा.) आल्बर्सना इंग्रजी जवळपास येतच नव्हते. कॉलेजमध्ये काय शिकवणार, असे विचारले गेले तेव्हा डोळे उघडायला शिकवणार, अशा अर्थाचे उत्तर त्यांनी मोडक्यातोडक्या भाषेत दिले. तिथे ते १९४९ पर्यंत राहिले आणि १९५० पासून १९५८ पर्यंत येल विद्यापीठात डिझाइन विभागाचे प्रमुख होते. रॉबर्ट राउशेनबर्ग, रूथ असावा, इव्हा हेसे असे पुढे नावाजलेले कलाकार त्यांच्या हाताखालून गेले. त्यातले राउशेनबर्ग यांचे काम गुरूंच्या शिस्तीच्या अगदी उलट टोकाचे, पण आपल्या आयुष्यातले सर्वांत महत्त्वाचे शिक्षक आल्बर्सच, असे ते सांगत. गुरूंना मात्र हा विद्यार्थी फारसा मानवला नसावा.

आता रंगांविषयी, कारण माझी स्वतःची चूक तिथे आहे.

नोकरीच्या तिसऱ्या किंवा चौथ्या वर्षी पावसाळ्यात मी सातवीला ‘गोदावरीचा पूर’ हा विषय दिला होता. पंचवटीतून येणाऱ्या एका मुलीने दुतोंड्या मारुतीच्या छातीपर्यंत आलेले पाणी दाखवले आणि ते पाणी तिने चहासारखे तांबूस रंगवले. मी पाण्याचा रंग निळा असतो असे सांगून तिच्याच ब्रशने त्यावर निळा हात फिरवला. खालचा तांबूस ओला होता, त्यामुळे चित्राचा चिखल झाला. मुलगी काही बोलली नाही. संध्याकाळी सायकलवरून घरी जाताना मी पुलावर थांबलो, खाली पाहिले, आणि पाणी चहासारखे तांबूस होते. नाशकात जन्मलेल्या माणसाने पुराचे पाणी आयुष्यात किती वेळा पाहिले असेल! पण ‘पाणी’ हा शब्द ऐकल्याबरोबर माझ्या हाताने निळी वडी उचलली.

आल्बर्स यांचे रंगांवरचे सगळे शिकवणे या एका खोडीविरुद्ध आहे. त्यांनी आपल्या वर्गातले अनुभव १९६३ मध्ये येल विद्यापीठाने छापलेल्या ‘इंटरॅक्शन ऑफ कलर’ या ग्रंथात मांडले. त्यात ते म्हणतात की पन्नास माणसांसमोर ‘लाल’ असे म्हटले तर पन्नास मनांत पन्नास वेगळे लाल उमटतात. त्यात चहाचेही उदाहरण आहे: तोच चहा चमच्यात फिका दिसतो आणि खोल भांड्यात गडद, कारण द्रव जितका खोल तितका त्याचा रंग दाट होतो. आणि आणखी एक अनुभव त्यांनी सांगितला आहे, तो कोणालाही घरी घेता येईल. तीन भांड्यांपैकी एकात ऊन पाणी, एकात गार आणि मधल्यात कोमट घ्यावे. एक हात ऊन पाण्यात आणि दुसरा गार पाण्यात थोडा वेळ बुडवून मग दोन्ही हात कोमट पाण्यात घालावेत. तेच पाणी एका हाताला गार लागते आणि दुसऱ्याला ऊन. रंगाचे डोळ्याशी असेच चालते. तो शेजाऱ्यावाचून कधी एकटा भेटतच नाही.

म्हणून त्यांनी वर्गात रंगाच्या ट्यूबऐवजी रंगीत कागदांचे तुकडे वापरले. रंग कालवण्यात वेळ आणि पैसा जातो, आणि एकदा संपलेली छटा पुन्हा तशीच कालवता येईल याची खात्री नसते. कागदाचा तोच तुकडा मात्र आज पिवळ्यावर आणि उद्या जांभळ्यावर ठेवून पाहता येतो. एका राखाडी कागदाचे दोन सारखे तुकडे कापावेत, एक काळ्यावर आणि एक पांढऱ्यावर ठेवावा. पहिला उजळ आणि दुसरा मळकट दिसतो. मुले विश्वास ठेवत नाहीत. ती तुकडे उचलून एकावर एक ठेवून पाहतात आणि पुन्हा जागेवर ठेवतात, पुन्हा तेच होते. मी घोटीव कागदावर हा पाठ पुढे अनेक वर्षे घेतला. ब्लॅक माउंटनमध्ये आल्बर्स झडलेली पानेही रंगाच्या अभ्यासाला घेत. आपल्याकडे फाल्गुनात शाळेच्या आवारात पिंपळ आणि बदाम झडतात तेव्हा तांबड्यापासून तपकिरीपर्यंतचे रंग फुकट पडलेले असतात, आणि शिपाई ते सकाळी सातला झाडून जाळतो.

यात परदेशी असे काही नाही. येवल्याच्या विणकराला हे पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे. ताणा एका रंगाचा आणि बाणा दुसऱ्या रंगाचा घेतला की पैठणीत धूपछाव उतरते आणि पदर हलवला की रंग बदलतो. आमच्या घरच्या मंडळी मेन रोडवर मॅचिंगच्या दुकानात जातात तेव्हा ब्लाउजपीस काठाशी धरतात, मग साडीच्या अंगाशी धरतात, नाक मुरडतात आणि दोन्ही घेऊन दुकानाच्या पायरीवर उन्हात येतात. दुकानातल्या ट्यूबलाइटखाली जुळलेला रंग उन्हात फसवतो, हे त्यांना कोणी शिकवलेले नाही. आल्बर्स आपल्या चित्रांवर काम करताना वेगवेगळ्या जातीच्या ट्यूबलाइट मुद्दाम लावत, त्याचे कारण याहून निराळे नव्हते. ज्यांच्या जिल्ह्यात येवले आहे त्यांच्या शाळांत रंगाचा तास म्हणजे छापील चित्रात रेषेच्या बाहेर न जाता खडू घासणे एवढाच उरावा, याचे वाईट वाटते.

त्यांच्या चौकोनांविषयी दोन शब्द लिहायलाच हवेत. १९५० मध्ये, वयाच्या बासष्टाव्या वर्षी, त्यांनी ‘होमेज टु द स्क्वेअर’ ही मालिका सुरू केली आणि पुढची पंचवीसेक वर्षे तीच करत राहिले. चित्रांची संख्या हजाराच्या वर गेली. एकात एक बसवलेले तीन किंवा चार चौकोन, तेही मधोमध नव्हे तर खाली सरकवलेले, असे की खालचा पट्टा एक भाग, बाजूचे दोन-दोन भाग आणि वरचा तीन भाग. रंग शक्यतो ट्यूबमधून थेट, सुरीने लावलेला. चित्राच्या पाठीमागे कोणत्या कंपनीचा कोणता रंग कुठे लावला याची नोंद बारीक अक्षरात. मला ही चित्रे सुरुवातीला कोरडी वाटली आणि काही आजही वाटतात, हे लपवत नाही. पण त्यांच्याकडे शिक्षकाची वही म्हणून पाहिले की ती उघडतात. तोच पिवळा इथे पुढे येतो, तिथे मागे सरतो, आणि मास्तर स्वतःच्याच वर्गाचा गृहपाठ हजार वेळा करून पाहतो आहे. १९७१ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयाने त्यांच्या कामाचे मोठे प्रदर्शन भरवले. हयात असलेल्या कलाकाराला तो मान तिथे प्रथमच मिळाला. २५ मार्च १९७६ रोजी न्यू हेवन येथे, अठ्ठ्याऐंशी वर्षे पूर्ण झाल्यावर सहा दिवसांनी, त्यांचे निधन झाले. बोट्रॉपने आपल्या मास्तरांच्या नावाचे संग्रहालय १९८३ मध्ये उघडले.

आता आपल्याकडे वळतो. एलिमेंटरी आणि इंटरमीजिएट या शासकीय रेखाकला परीक्षा ही महाराष्ट्राची मोठी परंपरा आहे, आणि त्यातूनच माझ्यासारख्या अनेकांना चित्रकलेची वाट सापडली. पण दहावीला वाढीव गुण मिळू लागल्यापासून त्यांची तयारी कशी होते हे प्रत्येक कलाशिक्षकाला माहीत आहे. ‘स्मरणचित्र’ म्हणजे पाहिलेले आठवून काढायचे चित्र. आज मुले त्यासाठी पाच-सहा ठरलेल्या आकृत्या घोकतात: एक पाठमोरी बाई, एक टोपीवाला, एक सायकल, कोपऱ्यात एक झाड. विषय भाजी मंडई असो, बसथांबा असो की विसर्जन मिरवणूक, तीच बाई तिथे हजर असते. एका शाळेत मी बाहेरून मदतीला गेलो असताना शिक्षकांनी फळ्यावर ही आकृती क्रमांक घालून काढलेली होती आणि मुले ‘सर, दोन नंबरची बाई घेऊ का?’ असे विचारत होती. त्या शिक्षकांना मी दोष देत नाही. त्यांच्याकडे तीन तुकड्या होत्या, पन्नासच्या वर मुले होती आणि निकाल दाखवायचा होता. मीही क्रमांक घातले नसले तरी बाया शिकवल्या आहेतच.

पालकांना माझे उत्तर असे की, चित्रकलेचा तास तुमचे मूल चित्रकार व्हावे म्हणून नाही. आल्बर्स यांच्या वर्गात वास्तुरचनाकार, विणकर, सुतारकाम करणारे आणि पुढे काहीच न काढणारे असे सगळे बसत होते. समोर जे आहे ते आणि आपल्याला ठाऊक आहे म्हणून दिसते ते, यातला फरक ओळखण्याची सवय त्यांना लावली जात होती. ही सवय डॉक्टरला लागते, द्राक्षाच्या बागेत पानावरचा डाग वेळेवर ओळखू पाहणाऱ्या शेतकऱ्यालाही लागते.

आणि शाळांना विनंती अशी की, परीक्षेची तयारी जरूर करावी, पण महिन्यातला एक तास परीक्षेच्या बाहेर ठेवावा. त्या तासाला रद्दी, घोटीव कागदाचे तुकडे आणि झडलेली पाने यापलीकडे काहीही लागत नाही. शासनाच्या अनुदानाची वाट पाहावी लागत नाही आणि शिक्षकांच्या भरतीचा प्रश्न सुटेपर्यंत वर्गशिक्षकालाही तो घेता येतो, कारण आल्बर्सही सुरुवातीला सगळे विषय शिकवणारे वर्गशिक्षकच होते. मुलांनी केलेले तासाच्या शेवटी जमिनीवर मांडावे आणि कोणाचे चांगले हे न विचारता, कोणाला काय दिसले एवढेच विचारावे. ज्या शाळांना हवे असेल त्यांच्याकडे मी स्वतः येऊन पहिला तास घ्यायला तयार आहे; पत्ता आपल्या कार्यालयात ठेवला आहे. रद्दी आपल्याच वृत्तपत्राची असावी, असा माझा आग्रह नाही.

आपला विश्वासू,
एक निवृत्त कलाशिक्षक,
पंचवटी, नाशिक